खालच्या वेशीतली वाट

फास्नेटचा, उपासांच्या आधीच्या सोंगांच्या सणाचा, सोमवार होता आणि थंडी अशी पडली होती की श्टाइनरीडच्या चौकातलं कारंजं तळापर्यंत गोठलं होतं. खालच्या आळीतल्या केटररांच्या घरात, इस्त्रीच्या खोलीत, बुर्गा केटरर मेलेल्या नवऱ्याची विजार कमरेला दोरीने आवळून उभी होती. तिची नणंद आगाथे मागून घुंगरांचे चामडी पट्टे तिच्या खांद्यांवरून ओढून बांधत होती. पट्टे इतके जड होते की पहिला चढवला तेव्हाच बुर्गा पुढे झुकली.

"ताठ उभी राहा," आगाथे म्हणाली. "आणि चालताना पुरुषासारखी चाल."

"म्हणजे कशी?"

"रस्ता बापानं बांधून दिल्यासारखी."

बुर्गाला हसू आलं नाही. सोंगं घेणाऱ्या मंडळींचे पांढरे अंगरखे आणि गळ्याभोवतीच्या चुण्यांच्या झालरी धुऊन, खळ घालून, इस्त्री करून द्यायचं काम कित्येक वर्षं तिच्याकडे होतं. पण लाकडी मुखवटा बायकांनी चढवायचा नाही, हा सोंगांच्या मंडळाचा सगळ्यात जुना नियम. सापडली असती तर मुखवटा जप्त होऊन फोडला गेला असता, काम गेलं असतं, आणि गावात तोंड दाखवायची सोय उरली नसती.

तरीही ती निघाली होती, कारण उद्याच्या मध्यरात्री फास्नेट संपणार होता. फास्नेटच्या दिवसांत मुखवट्यामागचा माणूस गावात कुणालाही, अगदी पाद्रीबाबांनाही, तू म्हणू शकतो. आवाज चिरका करून तो त्या माणसाच्या तोंडावर त्याची हजेरी घेतो. आमच्याकडे याला विंचरणं म्हणतात. ज्याला विंचरलं त्याने रागवायचं नाही, तू कोण म्हणून विचारायचं नाही, मुखवट्याला हात लावायचा नाही, आणि सगळं ऐकून घेतल्यावर आपला प्याला त्याच्यापुढे धरायचा. वर्षभर जे कुणी बोलत नाही ते या दिवसांत बोललं जातं, आणि मग पुन्हा वर्षभर सगळे गप्प.

आगाथेने मुखवटा पुढे केला. लिंडनच्या लाकडाचा, गोऱ्या गुळगुळीत चेहऱ्याचा. बुर्गाच्या नवऱ्याने, फिडेलने, तो तरुणपणी स्वतः कोरला होता. कोरताना पटाशी निसटली आणि तोंडाचा डावा कोपरा जरासा वर गेला. तेव्हापासून तो चेहरा समोरच्याचं सगळं गुपित ठाऊक असल्यासारखा हसायचा. फिडेल गेल्यावर मंडळाने मुखवटा परत मागितला. बुर्गाने सांगितलं, युद्ध संपतानाच्या गडबडीत चुलीत जळाला. तो अकरा वर्षं तळघरात बटाट्यांच्या खाली झाकून ठेवलेला होता.

"वास येतोय त्याला," बुर्गा म्हणाली.

"तुझ्या नवऱ्यालाही यायचा," आगाथे म्हणाली आणि तिने वाद्या घट्ट ओढल्या. मग तिचा हात बुर्गाच्या खांद्यावर क्षणभर राहिला. आगाथे फिडेलची थोरली बहीण. भावाचं नाव तिने अकरा वर्षांत फारसं काढलं नव्हतं, आणि काढलं तेव्हा शिवी घालूनच.

ज्याला विंचरायचं होतं तो माणूस म्हणजे जनरल लेओपोल्ड ग्लात्झ. हा याच गावचा. बापाचा कातडी कमावण्याचा कारखाना नदीकाठी होता, आणि त्या वासातून सुटायचं म्हणून पोरगा सैन्यात गेला असं जुनी माणसं म्हणत. पहिल्या युद्धात तो लेफ्टनंट होता, फ्रान्सच्या हद्दीवर व्होझच्या डोंगरात खंदकांत राहिला, पदक घेऊन परतला. युद्ध हरल्यावर सैन्य मूठभर उरलं, त्यातही तो टिकला. त्याच्या बरोबरीचे अधिकारी दारोदार विमा विकत होते तेव्हा हा नकाशे काढत बसला होता. मग नवी राजवट आली, सैन्य फुगलं, आणि त्याच्याबरोबर ग्लात्झही वर चढत गेला. पोलंड, फ्रान्स, मग रशिया. तिथे त्याला डिव्हिजन मिळाली, गळ्यात शौर्यपदकाचा क्रूस आला आणि डाव्या पायाची बोटं बर्फात गेली. रजेवर आला की गाव बँड लावून त्याला घ्यायला जायचं. फास्नेटला असला तर सोंगंही त्याला विंचरायची. एकदा फिडेलने याच मुखवट्यातून त्याच्या ताठ मानेची भरपूर चेष्टा केली होती. ग्लात्झ खळखळून हसला होता आणि त्याने प्याला पुढे धरला होता. हेही सांगितलं पाहिजे, कारण ते खरं आहे.

पंचेचाळीसच्या एप्रिलात हाच ग्लात्झ फुटलेल्या फौजेचं उरलंसुरलं शेपूट घेऊन आपल्या गावात माघार घेत आला. मागे फ्रेंच रणगाडे होते. त्याने वरच्या वेशीचा पूल उडवायला लावला आणि खालच्या वेशीत ओंडके उभे रोवून, मधे दगड भरून अडसर घालायला लावला. गाव लढवायचं होतं म्हणे. श्टाइनरीड लढवायचं म्हणजे काय हे गावाला चांगलं कळत होतं. शेजारच्या खोऱ्यातलं गाव असंच लढवलं होतं, आणि तिथे फक्त देवळाचा चौथरा उरला होता.

फिडेल गाडे बनवणारा सुतार. पहाटे चारपाच जणांना घेऊन तो खालच्या वेशीत गेला आणि त्याने मधले ओंडके कापले. गस्त आली तेव्हा बाकीचे पळाले. फिडेल करवत गुंडाळत बसला होता, चांगली करवत होती ती. शाळेच्या वर्गात तीन अधिकाऱ्यांचं न्यायालय भरलं आणि बटाटे शिजायला जेवढा वेळ लागतो त्याहून कमी वेळात उठलं. 'सूर्य' खानावळीच्या मोठ्या टेबलावर ग्लात्झने शिक्षेवर सही केली. फिडेलला खालच्या वेशीतच, त्याने केलेल्या वाटेशेजारी, भिंतीला उभं करून गोळ्या घातल्या. वेशीकडे धावत आलेल्या बुर्गाला एका सार्जंटने सांगितलं, घरी जा. आणि ती घरी गेली. याबद्दल तिला पुढे कधी स्वतःला माफ करता आलं नाही.

दुपारी, गाव लढवायचा बेत सोडून, जनरल ग्लात्झची गाडी आणि मागे दोन ट्रक गावातून बाहेर पडले. वरचा पूल उडालेला. तेव्हा ते खालच्या वेशीतून, फिडेलने कापलेल्या त्याच वाटेने गेले. बुर्गा खिडकीत उभी होती. भुसा अजून ओला होता आणि गाडीच्या चाकांना चिकटून गेला. दुसऱ्या दिवशी फ्रेंच त्याच वाटेने आत आले. एक गोळी सुटली नाही, एक छप्पर जळलं नाही. ग्लात्झने आठवड्याभराने डोंगरात पांढरं फडकं दाखवून शरणागती पत्करली.

पुढेही त्याचं बरं चाललं. अमेरिकनांच्या छावणीत त्याला ऊबदार खोली आणि लिहायला टेबल मिळालं, कारण रशियाशी कसं लढायचं हे त्यांना आता जाणून घ्यायचं होतं. सुटून आल्यावर फिडेलच्या प्रकरणी त्याच्यावर खटला झाला. न्यायाधीशांनी निकाल दिला की शिक्षा त्या वेळच्या कायद्याला धरून होती. ग्लात्झ गावी परतला, त्याला पेन्शन सुरू झाली, त्याने गुलाब लावले. जुने सैनिक रस्त्यात त्याला पाहून टोपी काढायचे.

आणि आता चौकात नवा दगड उभा राहणार होता. युद्धात मेलेल्या गावकऱ्यांची नावं त्यावर कोरायची होती. स्मारक समितीचा मानद अध्यक्ष अर्थातच जनरल ग्लात्झ. बुर्गाने अर्ज केला की फिडेलचं नाव घाला. नगरसभेत मतं बरोबर अर्धी अर्धी पडली, तेव्हा महापौरांनी हात झटकले आणि सांगितलं की जनरलसाहेबांची हरकत नसेल तर आमची नाही.

म्हणून शरद ऋतूत बुर्गा त्याच्या घरी गेली होती. त्याने तिला खुर्ची दिली. त्याच्या बायकोने कॉफी आणि आलुबुखाऱ्याचा केक ठेवला. त्याने सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि मग तो म्हणाला, "केटररबाई, पळून जाणाऱ्या कितीतरी पोरांना मी गोळ्या घालायला लावल्या. एकोणीस-वीस वर्षांची पोरं. माझ्या गावचा म्हणून तुमच्या नवऱ्याला सोडलं असतं, तर त्या पोरांच्या आयांना काय सांगू? शिक्षा झालेला माणूस लढून मेलेल्यांच्या रांगेत बसू शकत नाही. मला वाईट वाटतं." त्याला खरंच वाईट वाटत असावं. बुर्गाने केक संपवला, आभार मानले आणि फाटकाबाहेर आल्यावर तिला स्वतःचा इतका संताप आला की तिने त्याच्या गुलाबाची एक फांदी मोडली. हात रक्ताळला, बाकी काही झालं नाही.

दगड पाथरवटाकडे होता. ॲश बुधवारनंतर, फास्नेट संपून उपास लागले की, तो अक्षरं कोरायला घेणार होता. तेव्हा उरलं होतं ते हे सोंगच.

'सूर्य' खानावळ खच्चून भरली होती. मिरवणूक नुकतीच संपली होती. सोंगं घुंगरं खळखळवत आत-बाहेर करत होती, लाल वाईन आणि तळलेल्या पिठाच्या गोडाचा वास कोंदला होता. कोपऱ्यातल्या मोठ्या टेबलाशी जनरल ग्लात्झ बसला होता. तेच टेबल, फक्त टेबलक्लॉथ नवा. शेजारी राजधानीतून, बॉनहून, आलेला पाहुणा होता. करडा सूट घातलेला, हळू बोलणारा गृहस्थ. नवं सैन्य उभं राहत होतं, त्यात जुन्यांपैकी कुणाला घ्यायचं हे पाहायला असली माणसं गावोगाव हिंडत होती. ग्लात्झचं वय सासष्ट झालेलं, पण सल्लागार म्हणून तरी बोलावतील अशी त्याला आशा होती आणि साऱ्या गावाला ती माहीत होती. पलीकडे सिल्वेस्टर डोल्ड बसला होता, सोंगांच्या मंडळाचा प्रमुख, पेशाने खाटीक, नगरसभेचा सभासद. फिडेलच्या नावाविरुद्ध पडलेल्या मतांत एक त्याचं होतं.

बुर्गा दारातून आत आली तेव्हा तिला मुखवट्याच्या भोकांतून फक्त समोरचं दिसत होतं. स्वतःचा श्वास कानात मोठ्याने वाजत होता. आगाथेने सांगितल्याप्रमाणे ती चालली. कुणी वळून पाहिलं नाही. टेबलाशी जाऊन तिने एकदा अंग हलवलं, घुंगरं वाजली, आणि तिने आवाज वर चढवला.

"लेओपोल्ड, लेओपोल्ड, तुला विंचरायचंय."

टेबलाभोवती हशा झाला. ग्लात्झही हसला आणि पाहुण्याकडे वळून त्याने समजावलं की आमच्याकडची ही रीत आहे, आता माझी खैर नाही.

"केस तर उरले नाहीत डोक्यावर," बुर्गा म्हणाली. "पण विंचरायला खूप आहे."

पुन्हा हशा. ती त्याच्या गुलाबांवर बोलली, की ते फुलायच्या आधी त्याला सलाम करतात. सकाळी फिरायला जाताना तो काठी अशी धरतो की कुत्रीसुद्धा रांगेत चालतात. बॉनहून पाहुणा येणार म्हणून त्याने तीनदा दाढी केली आणि बायकोला दोनदा विचारलं, मी तरुण दिसतो का. खरं म्हणजे हे सगळं आगाथेने रचलं होतं, आणि ते चांगलं जमलं होतं. पाहुण्याने हसू दाबलं. ग्लात्झने मान डोलावून शब्दांचा मार खाल्ला, कारण तो गावचाच होता आणि त्याला कसं हसून घ्यायचं ते येत होतं. त्याचा हात प्याल्याकडे जायला लागला.

"थांब," बुर्गा म्हणाली. "एक राहिलं. एक साधी गोष्ट विचारते."

स्वतःच्या तोंडचं बायकी 'विचारते' तिच्या कानांवर आलं आणि आपण चुकलो हे तिला कळलं. पण सोंगं कधी बाई होऊन बोलतात कधी बाप्या होऊन, त्यात कुणाला नवल वाटलं नाही.

"त्या एप्रिलात, फ्रेंच यायच्या आदल्या दुपारी, तू गावाबाहेर कुठून गेलास, लेओपोल्ड?"

जवळची दोन-तीन माणसं हसायला लागली होती ती थांबली.

"वरच्या वेशीनं गेलास? तिथला पूल तर तूच उडवलास. नदीतून पोहून गेलास? गाडीसकट?"

ग्लात्झ आता मुखवट्याकडे पाहत होता. आधी त्याने सोंग पाहिलं होतं, आता तो चेहरा पाहत होता. त्याची नजर तोंडाच्या वर गेलेल्या डाव्या कोपऱ्यावर आली आणि तिथेच राहिली. त्याच्या गालांवरचा रंग उतरला.

"खालच्या वेशीत सकाळी एक वाट होती," बुर्गा म्हणाली. आवाज चिरका ठेवायला तिला आता जोर करावा लागत होता. "ती वाट करणं हा गुन्हा होता म्हणे. मग दुपारी त्याच वाटेनं जाणं काय होतं? भुसा तुझ्या चाकांना लागला होता, लेओपोल्ड. आपल्याला कुणी वाट करून दिली तर आपण त्याचे आभार मानतो. तू मानलेस का?"

खानावळीत आता घुंगरूही वाजत नव्हतं. त्या दुपारी गाडी जाताना पाहिलेली निम्मी माणसं तिथे बसलेली होती. प्रत्येकाने ते पडद्याआडून पाहिलं होतं, आणि आजवर ते कुणाच्या तोंडून निघालं नव्हतं.

ग्लात्झ उभा राहिला. "हा मुखवटा कुठून आणलास?"

बुर्गाने मुखवटा त्याच्याकडे तसाच रोखून धरला.

"कोण आहेस तू?" आणि मग, गेल्या अकरा वर्षांत गावाने न ऐकलेल्या आवाजात, "मुखवटा उतरव. ताबडतोब."

तो आवाज असा होता की भिंतीलगत बसलेले दोन म्हातारे सैनिक अर्धे उठले. आणि बुर्गाचा उजवा हात वर गेला. तिने नेला नव्हता, तो आपोआप गेला, हनुवटीखालच्या वादीपर्यंत. घरी जा म्हटल्यावर ती जशी घरी गेली होती, तसाच. वादीची गाठ बोटांना लागली तेव्हा तिला कळलं आपण काय करतोय. हात खाली घ्यायचा होता आणि तो खाली येत नव्हता.

ग्लात्झने टेबलावरून हात पुढे केला, मुखवट्याकडे.

त्याच्या आणि तिच्या मधे सिल्वेस्टर डोल्ड आला. खाटीक माणूस, दाराएवढा. त्याने आवाज चढवला नाही.

"जनरलसाहेब, हात मागं घ्या."

"डोल्ड, हा काय प्रकार आहे ते मला—"

"उद्या मध्यरात्रीपर्यंत या गावात कुणाच्याही हुकमानं मुखवटा उतरत नाही. पाद्रीबाबाच्या नाही, महापौराच्या नाही, तुमच्याही नाही. तुम्ही इथले आहात. तुम्हाला हे सांगावं लागतं याची मला लाज वाटते."

मागे खुर्च्या सरकल्या. कोपऱ्यातली सोंगं एकेक करून पुढे आली आणि डोल्डच्या पाठीशी उभी राहिली, घुंगरं खळाळत. मग साधी माणसंही उठली. बेकर, डाकवाला, शाळेचा मास्तर. अर्धे उठलेले म्हातारे सैनिक पूर्ण उठले, पण ग्लात्झकडे गेले नाहीत. पाहुणा आपल्या प्याल्यात काहीतरी शोधत असल्यासारखा पाहत होता. ग्लात्झने सगळ्यांवरून एकदा नजर फिरवली, जणू कोणती तुकडी अजून आपली आहे ते तो मोजत होता. मग त्याने कोट घेतला आणि तो बाहेर पडला. प्याला टेबलावर तसाच राहिला, भरलेला. त्याने तो पुढे केला नव्हता, आणि हे सगळ्यांनी पाहिलं.

घरी आल्यावर आगाथेने पट्टे सोडवले. बुर्गाच्या खांद्यांवर वळ उठले होते. ती रडत होती आणि तिला रडण्याची चीडही येत होती.

"फिडेलला भिंतीशी नेलं तेव्हा हीच माणसं खिडक्या लावून बसली होती," ती म्हणाली. "डोल्डसुद्धा. आज एका लाकडाच्या तुकड्यासाठी उभी राहिली. लाकडासाठी, आगाथे."

"मग काय, नको म्हणू?" आगाथे म्हणाली. "मिळतंय ते घे. माझ्या भावानं असंच म्हटलं असतं."

ॲश बुधवारी डोल्ड धुवायच्या झालरींची टोपली घेऊन आला, कपाळावर राखेचा ठिपका. टोपली खाली ठेवून त्याने खिडकीबाहेर पाहिलं आणि सांगितलं की त्याने आपलं मत फिरवलं आहे, आणखी दोघांनीही फिरवलं आहे, फिडेलचं नाव दगडावर येईल. बुर्गाने विचारलं, का. तो म्हणाला, ज्या माणसाला मुखवट्याची रीत पाळता येत नाही त्याच्या हरकतीला गावाने किती किंमत द्यायची. फिडेलबद्दल तो काहीच बोलला नाही. जाताना दारात थांबला.

"तो केटररचा मुखवटा म्हणे जळाला होता."

"जळाला," बुर्गा म्हणाली.

"मग बरं," डोल्ड म्हणाला. "जळलेला मुखवटा मंडळाला मागता येत नाही."

ग्लात्झला बॉनहून बोलावणं आलं नाही. वयामुळे, असं त्याच्या बायकोने सगळ्यांना सांगितलं. तो त्यानंतर सात वर्षं जगला. दर फास्नेटला त्याच्या घराची दारंखिडक्या बंद असायच्या, आणि दर फास्नेटला कुठलं तरी सोंग बंद खिडकीखाली उभं राहून चिरक्या आवाजात विचारायचं, लेओपोल्ड, आभार मानलेस का. एकदा सुरू झालं म्हटल्यावर त्याला धरबंद राहिला नाही. पोरंटोरंसुद्धा विचारायची, ज्यांना खालची वेस काय आणि भुसा काय, काही ठाऊक नव्हतं. बुर्गाला ते आवडायचं नाही. तिला वाटायचं, ही आता चेष्टा झाली. त्याच्या अंत्ययात्रेला नव्या सैन्याची तुकडी आली, बंदुका झाडल्या, मखमली उशीवर त्याचा पदकाचा क्रूस मिरवला. हे सगळं पुढचं. त्याच वर्षीच्या एप्रिलातला एक रविवार सांगायचा राहिला.

त्या रविवारी दगडावर पवित्र पाणी शिंपडायचं होतं. स्मारक समितीच्या अध्यक्षाने दगडासमोर उभं राहून सगळी नावं वाचायची आणि प्रत्येक नावानंतर घंटेचा एक ठोका पडायचा, असं ठरलं होतं. अध्यक्षपद काढून घेण्याएवढा उद्धटपणा कुणाच्यात नव्हता. ग्लात्झ आजारी पडेल अशी सगळ्यांची खात्री होती. तो आला. काळा कोट, काठी, उघडं डोकं. भ्याड तो कधीच नव्हता, हे त्याच्या शत्रूंनीही मान्य केलं असतं.

बुर्गा आगाथेसोबत तिसऱ्या रांगेत उभी होती. दगड नवा होता आणि उन्हात पांढरा दिसत होता. तिने आधीच जाऊन नाव पाहिलं होतं, अक्षरांत बोट घातलं होतं. आता फक्त ते ऐकायचं होतं. मोठ्याने, सगळ्या गावासमोर, त्याच्या तोंडून.

ग्लात्झ वाचत होता. आवाज स्थिर होता. नाव, ठोका. नाव, ठोका. मृतांच्या बायका आपल्या घरचं नाव आलं की मान खाली घालत होत्या.

"काल्टेनबाख, एमिल." ठोका.

दगडावर यापुढचं नाव केटररचं होतं. ग्लात्झ थांबला. किंचितच थांबला, चष्मा सावरायला लागेल एवढा.

"कीन्झलर, ऑगस्ट."

घंटेवाल्याने ठोका दिला, त्याला वरून काय कळणार. खाली रांगांतून एक हालचाल गेली आणि विरली. बुर्गाने डोल्डकडे पाहिलं. डोल्ड आपल्या हातातल्या टोपीकडे पाहत होता. महापौर बुटांकडे पाहत होते. शाळेचा मास्तर, बेकर, डाकवाला, सगळे होते, सगळ्यांनी ऐकलं होतं. आज कुणाच्या तोंडावर मुखवटा नव्हता, आणि उघड्या तोंडाने कुणी बोलणार नव्हतं. तिला ते एकदम स्वच्छ कळलं. आगाथेने तिचा हात दाबला, सोडला.

"लेओपोल्ड," बुर्गा म्हणाली.

तिचा स्वतःचा आवाज होता, जाडसर, रोजचा. सगळं गाव वळलं. चौकात उघड्या चेहऱ्याने, फास्नेट नसताना, इस्त्रीवाल्या बाईने जनरलला नावाने हाक मारली होती.

"एक राहिलं."

ग्लात्झने कागदावरून डोळे वर केले. 'एक राहिलं' हे शब्द त्याने ऐकले होते, 'सूर्य'मध्ये, चिरक्या आवाजात. तो तिच्याकडे पाहत राहिला आणि त्याला कळलं. त्या मुखवट्यामागे डोल्डचा माणूस नव्हता, मंडळातला कुणी टवाळ नव्हता. त्याच्या घरी येऊन, केक खाऊन, आभार मानून गेलेली बाई होती. तिने नजर काढली नाही. तिचा हात या वेळी खालीच राहिला.

तो कागदाकडे वळला आणि ओठांत काहीतरी पुटपुटला.

"मोठ्यानं," बुर्गा म्हणाली. "मागं ऐकू आलं नाही."

ग्लात्झचा पाठकणा ताठ झाला. टाचा जवळ आल्या. आयुष्यभर हुकूम देणाऱ्या माणसाला हुकूम ऐकायचीही तितकीच सवय असते, आणि त्याच्या अंगाने हा हुकूम त्याच्याआधी ओळखला.

"केटरर," तो म्हणाला, कवायतीच्या मैदानावरच्या आवाजात, चौकाच्या पलीकडे खालच्या वेशीपर्यंत जाईल असा. "फिडेल."

घंटेचा ठोका पडला. ग्लात्झने कीन्झलरचं नाव पुन्हा एकदा वाचलं, कारण क्रम चुकला होता, आणि तो पुढे वाचत गेला.